फ्रिजमधली किल्ली

एल्सेबाई महत्त्वाचं काही बोलायच्या आधी एक टाळी वाजवायच्या. एकच, छातीसमोर, हात सरळ धरून. पहिल्यांदा मला वाटलं त्यांनी डास मारला. ब्रिस्टलमध्ये जानेवारीत डास कुठून येणार, हे मागाहून सुचलं. पुढे कळलं की ही धंद्यातली सवय. त्यांच्या उमेदीच्या काळात सिनेमाचं चित्र एका यंत्रावर उतरायचं आणि आवाज दुसऱ्यावर. दोन्ही नंतर जुळवायचे तर कुठेतरी खूण हवी. हात एकमेकांवर आपटलेले दिसले आणि टाळी ऐकू आली, की तिथपासून चित्र आणि आवाज बरोबर न्यायचे. ती यंत्रं केव्हाच मोडीत निघाली, बाईंची टाळी तेवढी राहिली. भिंतीवरची वेल छाटायला झाली आहे, हे सांगतानासुद्धा आधी टाळी व्हायची.

त्या आमच्या शेजारी. ब्रिस्टलच्या दक्षिणेला एक चांगलाच दमवणारा चढाचा रस्ता आहे, दोन्ही बाजूंना एकाला एक चिकटलेली रंगीत घरं. आमचं पिवळं, त्यांचं निळं. मला इथे विमानाच्या पंखांच्या चाचण्या घेण्याची नोकरी मिळाली म्हणून मी आणि मिलिंद रीडिंगहून इकडे आलो. मिलिंदचं ऑफिस रीडिंगलाच राहिलं, तो आठवड्यातले तीन दिवस ट्रेनला नावं ठेवत जातो-येतो. आम्ही आलो तेव्हा एल्सेबाई पंच्याहत्तरीच्या पुढे होत्या, एकट्या होत्या, आणि पूर्वी सिनेमे करायच्या एवढंच गल्लीला माहीत होतं. इथे सगळ्यांना नावानंच हाक मारतात, पण आईच्या वयाच्या बाईला नुसतं ‘एल्से’ म्हणताना माझी जीभ अडखळायची. म्हणून इंग्रजीत एल्से आणि घरात आल्यावर एल्सेबाई, असा मी मार्ग काढला होता. इथेही तेच ठेवते.

पहिल्यांदा चहाला आल्या तेव्हा कप हातात धरून, मान किंचित वाकडी करून बसल्या. मग विचारलं, फ्रिज थोडा वेळ बंद केला तर चालेल का, मला तुमचं बोलणं नीट ऐकायचंय. मी हो म्हणेपर्यंत त्या उठल्याही होत्या. भिंतीवरचं बटण बंद केलं, कोटाच्या खिशातून स्वतःच्या घराची किल्ली काढली, फ्रिज उघडला आणि श्रीखंडाच्या डब्यावर ती नीट ठेवून दार लावलं. मी आणि मिलिंद एकमेकांकडे बघत राहिलो. मिलिंदनं डोळ्यांनीच मला विचारलं, यांना आपण बोलावलंय का.

त्यांनी समजावून सांगितलं. एखाद्याच्या घरात शूटिंग करायचं तर पहिला शत्रू फ्रिज. त्याची घरघर माणसाच्या कानाला सवयीनं ऐकू येत नाही, पण टेपवर येते आणि मग काही केल्या जात नाही. म्हणून तो बंद करायचा. पण काम संपलं की सगळे घाईत असतात, चालू करायचं विसरतात. तेव्हा ज्याच्याशिवाय आपल्याला घरी जाता येणार नाही अशी वस्तू त्यात ठेवायची, गाडीची किल्ली नाहीतर घराची. एका इंग्रज साउंडवाल्यानं ही युक्ती त्यांना शिकवली होती. त्यांना ती इतकी आवडली होती की गोष्ट सांगताना त्या हसत होत्या. मलाही आवडली. आमच्या कामातही माणसाच्या आठवणीवर काही सोडत नाहीत.

पुढच्या वर्षी सासूबाई पुण्याहून सहा महिने राहायला आल्या. एके दिवशी कोथिंबीर काढायला गेल्या आणि हातात किल्ली घेऊन बाहेर आल्या. बैठकीच्या खोलीत एल्सेबाई अगदी निवांत माझ्याशी बोलत बसलेल्या. “वर्षा, यांचं डोकं ठिकाणावर आहे ना गं?” सासूबाईंनी शुद्ध मराठीत, त्यांच्याकडे बघून गोड हसत विचारलं. एल्सेबाईंनीही तितकंच गोड हसून मान डोलावली. त्या दोघींचं पुढे छान जमलं. एकमेकींचं एक अक्षरही कळत नसताना तासन्‌तास शेंगा सोलत बसायच्या. सासूबाई पुण्याला परतल्यावर बाईंनी मला विचारलं, त्या गेल्यापासून तुमच्या घराचा आवाज बदललाय, तुम्हाला जाणवलं का? मला जाणवलं होतं, पण सासूबाई गेल्या की घराचा आवाज का बदलतो हे मी त्यांना सांगत बसले नाही.

स्वतःबद्दल त्या सलग कधी बोलल्या नाहीत. तुकडे मिळायचे. डेन्मार्कच्या पश्चिम किनाऱ्यावर एस्बियर्ग नावाचं मासेमारीचं बंदर आहे, तिथल्या एका कोळ्याची ही मुलगी. कोपनहेगनला सिनेमा शिकायला गेली तेव्हा वर्गात दोनच मुली होत्या आणि दुसरी लग्न करून निघून गेली. पहिला चित्रपट थिएटरात चार दिवस टिकला. ही हकिकत मात्र त्या रंगवून सांगायच्या. तिसऱ्या दिवशी त्या स्वतः तिकीट काढून बसल्या होत्या. आत आणखी एकच प्रेक्षक होता आणि तो झोपला होता. सिनेमा संपला, दिवे लागले, तरी तो उठेना. त्याला उठवायला यांचं मन होईना. शेवटी झाडूवाली आली तेव्हा तो जागा झाला आणि यांना म्हणाला, माफ करा, मी तुमची वाट अडवून बसलो होतो का.

नंतर त्या गोष्टीचे सिनेमे सोडून खऱ्या माणसांवर सिनेमे करायला लागल्या. एका इंग्रज भूगोलाच्या मास्तरांशी लग्न करून ब्रिस्टलला आल्या, त्यांच्या मागे इथेच राहिल्या, वीसेक वर्षं कॉलेजात शिकवलं. एकूण पाच सिनेमे आणि दोन पुस्तकं. त्यांतलं दुसरं, बघावं कसं आणि ऐकावं कसं यावरचं, सिनेमा शिकणारी मुलं अजून वाचतात. त्यांचा एक नियम त्यात छापलेला आहे: ज्याच्या घरी तुम्ही निदान पंधरा दिवस भांडी घासली नाहीत, त्याच्यावर कॅमेरा लावू नये. नियम त्यांनी पाळलाही. लोकांच्या घरी जाऊन त्या खरोखर भांडी घासायच्या, पोरांना शाळेत सोडायच्या, आणि सगळ्यांना त्यांचा विसर पडला की मग कॅमेरा बाहेर काढायच्या. हे विसर पडणं मला तेव्हा फार थोर वाटायचं.

कान विलक्षण. मी एकदा त्यांना एका जुन्या चाचणीचा व्हिडिओ दाखवला. विमानाचा पंख वाकवत वाकवत नेतात आणि शेवटी तो मोडतो, असा. बघणारे सगळे मोडण्याच्या क्षणाला दचकतात. यांनी डोळे मिटून घेतले होते. संपल्यावर म्हणाल्या, मोडायच्या आधी तो दोनदा बोलला. मी मागे नेऊन पुन्हा ऐकवलं, आणि खरंच, दोन बारीक टिचक्या होत्या. आम्ही त्या टिपायला महागडी यंत्रं लावतो. ऑफिसात सांगितलं तर कोणाचा विश्वास बसला नाही.

पण ज्या सिनेमामुळे त्यांचं नाव झालं त्याबद्दल त्या बोलायच्या नाहीत. त्याचं डॅनिश नाव मला अजूनही धड उच्चारता येत नाही, घरात आम्ही त्याला बंदराचा सिनेमा म्हणायचो. चाळीस वर्षांपूर्वी एडिनबराच्या पलीकडे, फाइफमधल्या एका छोट्या कोळ्यांच्या गावात त्यांनी तो केला. ॲलेक नावाचा एक तरुण मच्छीमार आणि त्याची बायको जीन, यांच्या घरातले रोजचे दिवस, एवढाच विषय. शूटिंग चालू असतानाच ॲलेकची बोट समुद्रावर गेली ती आलीच नाही. बंदरावर जीनला ते सांगितलं गेलं तेव्हा एल्सेबाईंचा कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर होता. पाऊण मिनिटाचा तो चेहरा जगभर गाजला. पुस्तकांच्या मुखपृष्ठांवर आला. त्यात ती काही बोलत नाही. शेवटी शेवटी ओठ जरासे हलतात, पण ऐकू येतो तो फक्त समुद्र. त्या शांततेवर लोकांनी पानंच्या पानं लिहिली आहेत, आणि बाईंच्या त्या दुसऱ्या पुस्तकातही तीन पानं आहेत. त्यांच्या घरात मात्र त्या चेहऱ्याचं एकही चित्र नव्हतं.

दोन वर्षांपूर्वीच्या वसंतात कोपनहेगनच्या एका संस्थेनं त्या सिनेमाची नवी, स्वच्छ प्रत करायला घेतली. त्या निमित्तानं इथल्या एका छोट्या थिएटरात बाईंची मुलाखत ठेवली होती. मी आणि मिलिंद तिसऱ्या रांगेत होतो. प्रश्नोत्तरांमध्ये एक विद्यार्थिनी उठली. चांगली मुलगी होती, मनापासून बोलत होती. म्हणाली, त्या बाईचं गप्प राहणं मला कोणत्याही रडण्यापेक्षा मोठं वाटतं, आणि तुम्ही ते गप्प राहणं जपलंत.

बाईंनी टाळी वाजवली. माइकमुळे ती फार मोठी वाजली.

“ती गप्प नव्हती,” त्या म्हणाल्या. “ती मला सांगत होती, ते बंद कर. दोनदा सांगितलं. मी बंद केलं नाही. घरी येऊन एडिटिंगच्या टेबलाशी बसले आणि तिचा आवाज काढून टाकला. तिथे समुद्र घातला. मी पुस्तकात जे लिहिलंय ते खोटं आहे.”

 संयोजकानं दोन मिनिटांत आभार मानले. चढ चढून घरी येताना बाई तीनदा थांबल्या. तिसऱ्यांदा थांबल्या तेव्हा त्यांनी सांगितलं की हृदय थकलंय, डॉक्टर वर्षभर म्हणतात, मी सहा महिने धरून चालते. नवी प्रत ऑगस्टअखेर पक्की होणार होती. एकदा झाली की पुढे लोक तीच बघणार. त्याआधी त्यांना जीनला विचारायचं होतं: तो चेहरा सिनेमातून काढून टाकू, तुझा आवाज परत घालू, की आहे तसं ठेवू. चाळीस वर्षांत त्यांनी जीनला एकदाही, काहीही विचारलेलं नव्हतं.

मला त्यांचा राग आला. खरं सांगायचं तर तो बरेच दिवस टिकला. पंधरा दिवस भांडी घासून तुम्ही त्या घरात काय मिळवलंत, तर ऐन वेळी तिचं न ऐकण्याचा हक्क, असं माझ्या मनात यायचं. मी त्यांच्याकडे जाणं टाळायला लागले. मिलिंदच्या ते लक्षात आलं. “अगं, शी इज एटी-टू,” तो म्हणाला. “आणि तिनं स्वतःहून सांगितलं ना सगळ्यांसमोर? तिला कोण विचारत होतं? यू डोन्ट हॅव टू फर्गिव्ह हर, पण एकटीला स्कॉटलंडला पाठवणार आहेस का तू?”  मी शेजारी गेले. बाई टेबलाशी पत्र लिहीत बसल्या होत्या. आधीचे सात-आठ कागद चुरगाळून बाजूला पडले होते.

जीनचं उत्तर एका ओळीचं आलं. मंगळवारी दुपारी या. आम्ही ट्रेननं एडिनबराला गेलो, एक रात्र राहिलो, सकाळी भाड्याची गाडी घेऊन निघालो. मी चालवत होते. बाईंच्या मांडीवर छोटी वही होती. त्यात जीनला सांगायची वाक्यं लिहिलेली होती, आणि त्या ती खोडून पुन्हा लिहीत होत्या. एवढे सिनेमे, एवढी भाषणं केलेली बाई, पण शाळेतल्या तोंडी परीक्षेला निघाल्यासारखी दिसत होती. गावाची पाटी दिसल्यावर त्यांनी वही पर्समध्ये टाकली.

जीन त्याच घरात राहत होती. आता पासष्टीच्या पुढची, शाळेच्या स्वयंपाकघरातून निवृत्त झालेली, आखूड पांढऱ्या केसांची बाई. पुन्हा लग्न केलं होतं, तो नवराही जाऊन काही वर्षं झाली होती. आम्हाला स्वयंपाकघरातच बसवलं. चहा केला, बिस्किटं ठेवली, हवेबद्दल दोन वाक्यं बोलली आणि समोर बसली. एल्सेबाईंनी हात वर केले. टाळी वाजवायला गेल्या, पण हात एकमेकांवर नुसते टेकले, आवाजच झाला नाही. मग तशाच बोलल्या. वही काढली नाही. आवाज काढून टाकल्याचं सांगितलं, पुस्तकातल्या खोट्याचं सांगितलं, आणि तीन मार्ग सांगून विचारलं, काय करू.

जीननं सगळं ऐकून घेतलं. कपाच्या कानावरून बोट फिरवत होती.

“सिनेमा मी एकदाच पाहिला,” ती म्हणाली. “माझं तोंड लोकांनी बघितलं. बघू दे. लाज वाटण्यासारखं मी काही केलं नव्हतं. पण तुम्ही माझा फ्रिज बंद करून गेलात.”

एल्सेबाईंना कळलं नाही. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, म्हणजे मी पुन्हा मोठ्यानं सांगावं म्हणून. तोवर त्यांना कमी ऐकू यायला लागलं होतं. पण जीननंच आवाज चढवला.

“सोमवारी तो निघाला त्या सकाळी तुम्ही आम्हाला इथे मिनिटभर गप्प उभं केलंत. खोलीचा आवाज घ्यायचाय म्हणालात. फ्रिज बंद केलात. मग तो निघाला आणि तुम्ही सगळे त्याच्या मागे बंदरावर धावलात. मी आईकडे गेले. तो समुद्रावर असला की मी तिकडेच असायचे. परत आले ती शुक्रवारी, बंदरावर ते कळल्यावर. रविवारी त्यानं सूप करून फ्रिजमध्ये ठेवलं होतं, भलं मोठं पातेलं भरून. तुम्हीच शूट केलंत. आल्यावर खाऊ म्हणाला होता. घरी येताना सगळा रस्ता मला वाटत होतं, निदान ते आहे. त्याच्या हातचं.”

तिनं कप बाजूला सारला. मग म्हणाली, “मे महिना होता. ओतून टाकावं लागलं.”

स्वयंपाकघरात जीनचा आताचा फ्रिज घरघरत होता. इतका वेळ मला तो ऐकूच आला नव्हता.

 एल्सेबाई माफ कर म्हणाल्या नाहीत, आणि मला वाटतं तेच बरोबर होतं. त्या फक्त मान खाली घालून बसून राहिल्या. मग जीन उठली, कप उचलून सिंकमध्ये ठेवायला लागली. एल्सेबाईही उठल्या. सिंकशी गेल्या आणि बाह्या वर सारल्या. जीननं त्यांचं मनगट धरून बाजूला केलं. रागानं नाही, पण ठामपणे. “नको,” ती म्हणाली. “माझी मी घासते.”

दारापर्यंत सोडायला आली तेव्हा एल्सेबाईंनी विचारलेल्या गोष्टीचं उत्तर तिनं दिलं. “आवाज घाला माझा. बंद कर म्हणाले होते ना, ते लोकांना ऐकू दे.”

परतीच्या वाटेवर एडिनबराच्या अलीकडे खाडीवरचा लांब पूल लागला. त्यावर चढताना बाई म्हणाल्या, ती किल्लीची युक्ती मला दोन वर्षांनंतर कळली, त्याच्या पुढच्या सिनेमाला. किती गमतीदार वाटली होती. सगळ्यांना सांगत सुटले. त्याआधी मी ज्या घरांतून बाहेर पडले तिथे काय झालं असेल, हे एकदाही मनात आलं नाही. आवाजाचं पाप मी चाळीस वर्षं उशाशी घेऊन झोपले, आणि तिला लागलं होतं ते दुसरंच.

हे बोलताना त्या रडत होत्या. माझा राग त्या पुलावर कुठेतरी गेला. पूल संपल्यावर मी गाडी बाजूला घेतली आणि त्यांचा हात धरून बसले, एवढंच.

ब्रिस्टलला आल्यावर दुसऱ्याच दिवशी त्यांनी मला बोलावून घेतलं. जिन्याखालच्या कपाटात बिस्किटांचे जुने पत्र्याचे डबे होते, त्यात त्या सिनेमाच्या आवाजाची रिळं. जीनचं ‘बंद कर’ सापडायला वेळ लागला नाही. त्या डब्यावर चिठ्ठी लावलेली होती, ते रीळ त्यांनी मधूनमधून काढून पाहिलं असणार. पण त्यांना आणखी काही हवं होतं. सोमवारचं ते मिनिट. शूटिंग झालं की प्रत्येक खोलीची शांतता मिनिटभर टेपवर घ्यायची पद्धत असते, पुढे संवादांचे तुकडे जोडताना मधल्या फटी भरायला ती लागते. कामापुरती वापरायची आणि विसरायची. त्या मिनिटात ॲलेक त्या स्वयंपाकघरात उभा होता.

टेप वाजवायचं यंत्र त्यांच्या एका जुन्या विद्यार्थ्यानं आणून दिलं. ऐकायचं काम माझं, कारण बाईंच्या कानांना आता बारीक आवाज पकडता येत नव्हते. मी हेडफोन लावून बसायचे आणि त्या समोर बसून माझ्या चेहऱ्याकडे बघायच्या. डब्यांवरची डॅनिश अक्षरं पुसट झालेली. तीन शनिवार गेले. चौथ्या शनिवारी एका रिळात टाळी ऐकू आली, आणि पाठोपाठ तरुण एल्सेबाई, त्याच उच्चारांत, म्हणाल्या की एक मिनिट कोणी हलू नका.

मग काही नाही. घड्याळ. लांबवर समुद्रपक्षी. कोणाचा तरी श्वास, किंचित चोंदलेल्या नाकाचा. कोणीतरी नाक ओढलं. पुन्हा घड्याळ. आणि शेवटी एका पुरुषाचा आवाज, झालं का, असं विचारणारा, आणि त्यावर एका मुलीचं दाबून ठेवलेलं हसू सुटलं.

मी हे सगळं बाईंना क्रमानं सांगितलं. त्यांनी एकच विचारलं, फ्रिज?

“नाही ऐकू येत,” मी म्हणाले.

त्यांनी मान हलवली.

कोपनहेगनच्या लोकांना त्या मिनिटाबद्दल कुठूनसं कळलं. सिनेमाच्या शेवटी ते घालता येईल, असं त्यांनी फार हुरूपानं कळवलं. बाईंनी नाही म्हणून लिहिलं. जीनचा आवाज त्यांनी परत घालून घेतला. पुस्तकाच्या नव्या आवृत्तीसाठी, ती तीन पानं खोटी आहेत आणि का, हे एका पानात लिहून दिलं. ते मिनिट मात्र साध्या सीडीवर उतरवून घेतलं आणि जीनला पाठवलं. सोबत मूळ रीळसुद्धा. मी म्हटलं, एक कॉपी तरी ठेवा. त्या म्हणाल्या, ते सिनेमाचं नव्हतंच कधी. मी ते चुकून घेऊन आले होते.

सप्टेंबरात नवी प्रत त्याच छोट्या थिएटरात लागली. बाई येऊ शकल्या नाहीत, मी गेले. तो चेहरा आला, समुद्र आला, आणि त्यातून जीनचा चिरका, तरुण आवाज: बंद कर ते. बंद कर. माझ्या शेजारच्या माणसानं मान खाली घातली. पडद्यावर चेहरा अजून होताच. तो बघवत नव्हता, आणि मला वाटतं जीनला हेच हवं होतं.

त्यानंतरच्या आठवड्यात जीनचा फोन आला, माझ्याकडे. एल्सेला फोनवर ऐकू येत नाही ना, म्हणून तू सांग, म्हणाली. तिनं पाकीट महिनाभर उघडलं नव्हतं. काल उघडलं.  मग म्हणाली, “त्याला सर्दी झाली होती. मी विसरूनच गेले होते.” एवढं सांगून तिनं फोन ठेवला.

मी ते वाक्य कागदावर मोठ्या अक्षरांत लिहून शेजारी नेलं. बाईंनी चष्मा लावून वाचलं. पुन्हा वाचलं. कागदाची घडी करून ब्लाउजच्या खिशात ठेवली आणि खिशावरून हात फिरवला. जीननं त्यांना माफ केलं का, हे मला माहीत नाही. त्यांनी मला विचारलं नाही आणि मीही कधी जीनला विचारलं नाही.

ऑक्टोबरच्या शेवटी त्यांना हॉस्पिसमध्ये हलवायचं ठरलं. परत यायचं नाही, हे त्यांना माहीत होतं आणि त्यांनी ते आम्हालाही स्पष्ट सांगितलं होतं. सकाळी दहाची टॅक्सी होती. मी त्यांची छोटी बॅग भरली. कोट चढवून, काठी घेऊन त्या बाहेरच्या दारापर्यंत आल्या, किल्ली माझ्या हातात दिली आणि थांबल्या. मला वाटलं काहीतरी विसरलं. त्या वळल्या आणि भिंतीच्या आधारानं सावकाश स्वयंपाकघरात गेल्या.

मी मागोमाग गेले. त्या फ्रिजपाशी उभ्या होत्या.

“चालू आहे?” त्यांनी विचारलं.

“चालू आहे,” मी म्हणाले. आत अर्धी दुधाची बाटली आणि लोणी एवढंच होतं, ते मी दुपारी काढणारच होते.

माझ्या शब्दावर त्या विसंबल्या नाहीत. काठी ओट्याला टेकवली आणि उजवा तळहात फ्रिजच्या दारावर पसरून ठेवला. नेमकी तेव्हा मोटर थांबलेली होती. बाहेर टॅक्सीवाल्यानं हॉर्न वाजवला. तो त्यांना ऐकू आला नाही.  त्या तशाच उभ्या राहिल्या, डोळे मिटून, हात दारावर ठेवून, अगदी न हलता. बरंच मोठं मिनिट होतं ते.

मग आत कुठेतरी खट झालं आणि मोटर सुरू झाली. ती त्यांच्या तळहाताला कळली. त्यांनी हात काढला, काठी घेतली आणि त्या निघाल्या.